रस आधी नाही, नंतर: जाळीवर मासा चिकटतो आणि बटर सॉस फाटतो, त्याचा इलाज

थंडी पडली की नागपुरात गच्च्यांवर शेगड्या पेटतात आणि पाठोपाठ एक ठरलेली तक्रार ऐकू येते. मासा संत्र्याच्या रसात, लिंबात, लसणात तासन्‌तास मुरवला. जाळीवर ठेवला. उलटायला गेलं तर वरचा भाग उलथण्यावर, खालचा जाळीला आणि मधला थेट कोळशात. जो वाचला त्यावर बटर सॉस ओतावा तर तो फाटलेला: वर पिवळा तवंग, खाली आंबट पाणी, आणि चव कडवट. मग जाळीच्या नावानं बोटं मोडायची. नवी जाळी येते, काळ्या कोटिंगची, महागडी. पुढच्या शनिवारी पुन्हा तेच.

जाळी बिचारी क्वचितच दोषी असते. गडबड असते ती आंबट घालण्याच्या वेळेत. कोकणातली सुरमई घट्ट मांसाची, ती थोडा अत्याचार सहन करते. आपल्याकडे बाजारात मुख्यतः तलावाचा, धरणाचा मासा: रोहू, कतला, मृगळ, तिलापिया. हे मांस मऊ. त्याला दोन तास लिंबात बसवलं की जाळीवर जायच्या आधीच ते अर्धं कामातून गेलेलं असतं.

आधी तुटलेला तुकडा नीट बघा

फेकू नका तो. त्यातच उत्तर असतं.

तुकडा बाहेरून पांढरट, खडूसारखा कोरडा आणि चिमटीत धरला की भुगा होत असेल, तर आंबटानं तो आधीच शिजवलाय. बाहेरून काळा, चिकट, कडू, पण काट्याजवळ अजून कच्चा असेल, तर रसातली साखर आणि वरची हिरवी पानं जळाली. आतला मासा उत्तम, पाकळ्या मोठ्या आणि रसदार, फक्त कातडी जाळीवर राहिली, तर जाळी थंड होती किंवा तुम्ही घाई केलीत. आणि तुकड्याला रंगच आला नाही, राखाडी पडला, पाणी सुटत राहिलं, तर मासा ओला होता. बहुतेक बर्फातला असेल, नीट सुटू न देता वापरलेला.

चारही प्रकार एकाच ताटात सापडू शकतात. पण पहिला इतका जास्त दिसतो की सुरुवात तिथूनच करू.

लिंबू माशाला काय करतं

लिंबाच्या रसाचा पीएच 2 ते 3 च्या दरम्यान, संत्र्याचा 3.5 च्या आसपास. एवढ्या आम्लात माशातली प्रथिनं विस्तवाशिवायच गोठायला लागतात. रोहूचा काप लिंबू चोळून ठेवा आणि कडेला लक्ष ठेवा. दहा-पंधरा मिनिटांत आरपार दिसणारी गुलाबी कड दुधाळ होते. अर्ध्या तासात तो पांढरा पट्टा आत सरकतो. तासाभरानं बोटानं दाबलं तर तो भाग परत वर येत नाही, दबलेलाच राहतो आणि ताटात पाणी जमतं. आता हा काप जाळीवर ठेवला तर वरचा थर आधीच गोठलेला, त्यावर सुटलेलं पाणी, आणि त्या पाण्यात संत्र्याची साखर. चिकटायला अजून काय पाहिजे?

मटणाचा हिशेब इथे लागू होत नाही. मटणात जोडणारे धागे भरपूर, ते नरम व्हायला वेळ लागतो, म्हणून रात्रभर मुरवतात. माशात ते धागे मुळातच कमी आणि नाजूक, थोड्या आचेवरही विरघळतात, म्हणून तर मासा पाकळ्या-पाकळ्यांनी सुटतो. त्याला नरम करायची गरजच नाही. कच्च्या पपईचा गर तर माशाच्या आसपासही आणू नका.

पण लोक लिंबू उगाच चोळत नाहीत. तलावाच्या माशाला मातट वास असतो. पाण्यातले सूक्ष्मजीव जिऑस्मिन नावाचं द्रव्य तयार करतात, ते माशाच्या चरबीत आणि कातडीत साठतं, आणि आम्लानं ते मोडतं. तेव्हा लिंबू-हळदीची जुनी रीत बरोबरच आहे, फक्त तिला वेळेची मर्यादा हवी. मीठ, हळद आणि अर्ध्या लिंबाचा रस लावून 10 मिनिटं ठेवा, थंड पाण्याखाली भरभर धुवा आणि कोरडं करा. पोटातली काळी पातळ त्वचा आणि कण्याला चिकटलेलं रक्त आधी खरवडून काढा. अर्ध्याहून अधिक वास तिथूनच येतो, असं माझं मत.

हे झालं की माशाला पुन्हा आंबट लावायचं नाही. संत्रं, लिंबू, दही, चिंच, काहीच नाही. सगळं आंबट मासा विस्तवावरून उतरल्यावर.

मग मुरवायचं कशात? तेलात. शेंगदाण्याचं तेल जरा गरम करून त्यात ठेचलेला लसूण टाका, दहा मिनिटांनी गाळून घ्या. लसणाचे तुकडे राहू देऊ नका, ते आधी जळतात. त्यात मिरपूड, भाजलेल्या जिऱ्याची पूड, आवडत असेल तर चिमूटभर तिखट. हे अर्धा तास पुरतं, दोन तास राहिलं तरी बिघडत नाही. मासा मात्र फ्रिजमध्येच मुरवायचा, खास करून मार्चनंतर. ओट्यावर 35-40 अंशांत ठेवलेला मासा मुरत नाही, खराब होतो.

कोणीतरी सुचवतंच की सावजी मसाला लावू. लावा, चांगलाच लागेल, पण मग बटर सॉसचा घाट घालू नका. त्या तिखटापुढे संत्र्याचा वास कुणाच्या नाकापर्यंत पोचणार?

मासा घेतानाच अर्धं काम होतं

मंगळवारी बाजारात असो की घराजवळच्या ठेल्यावर, विचारणा ठरलेली असते: “ताई, तळाले पायजे का रश्श्याले?” दोन्हीसाठी काप पातळच पडतात. तेव्हा आधीच सांगा: “भाजायचंय भाऊ. बोटभर जाड काप करा, कातडी राहू द्या, खवले मात्र नीट काढा.” दोन ते अडीच सेंटिमीटर जाडी हवी. त्याहून पातळ काप रंग येईपर्यंत आत कोरडा पडतो.

रोहू-कतल्याचे बारीक दुफाटी काटे मांसात रुतलेले असतात, त्यामुळे बिनकाट्याचा काप काढण्याचा हट्ट नको. कण्यासकट आडवा कापच जाळीवर टिकतो, कणा त्याला धरून ठेवतो. कतल्याच्या पोटाकडची बाजू चरबीची, ती भाजायला उत्तम. खिसा परवानगी देत असेल तर मरळ घ्या. घट्ट मांस, काटे कमी, आणि तो हवेतूनही श्वास घेत असल्यानं बाजारात बहुधा जिवंतच मिळतो, ताजेपणाची शंका नाही. छोटा तिलापिया अख्खा भाजता येतो, दोन्ही बाजूंनी तिरप्या चिरा देऊन. बासा या कामाचा नाही. गोठवलेल्या पातळ पट्ट्या, कातडी नाही, पाणी भरपूर. तो तव्यावरच बरा.

समुद्राचा मासा हवाच असेल तर लक्षात ठेवा, तो किनाऱ्यावरून शेकडो किलोमीटर बर्फात येतो. पश्चिम किनाऱ्यावर 1 जून ते 31 जुलै आणि पूर्व किनाऱ्यावर 15 एप्रिल ते 14 जून यांत्रिक बोटींच्या मासेमारीला बंदी असते. त्या दिवसांत ‘ताजी’ म्हणून दिलेली सुरमई बहुधा शीतगृहातली निघते. खायला हरकत नाही, पण ती आदल्या रात्रीपासून फ्रिजमध्ये, चाळणीवर ठेवून सुटू द्या. गरम पाण्यात बुडवून घाई केली की पाणी सुटतच राहतं.

गोठवलेला असो की ताजा, भाजण्याआधी एक छोटं काम: एक लिटर पाण्यात 50 ग्रॅम मीठ, त्यात काप 10-15 मिनिटं. मांस थोडं घट्ट होतं आणि भाजताना वर येणारे पांढरे गोठे कमी होतात. मग पुसा. जुन्या सुती कापडानं, दोन्ही बाजू, कातडीच्या घड्या, पोटाची पोकळी, सगळं. वेळ असेल तर अर्धा तास फ्रिजमध्ये उघडा ठेवा. कातडी हाताला कोरडी, किंचित चिवट लागली पाहिजे. तेलाचं मुरवण त्यानंतर. जाळीवर ठेवताना जास्तीचं तेल निथळून घ्या, नाहीतर कोळशावर पडून भडका उडेल आणि काजळीचा वास बसेल.

कोळसा आणि जाळी

लाकडी कोळसाच घ्या. उमरेड, कामठी, वणीकडे दगडी कोळसा सहज हाताशी येतो आणि काही शेगड्यांमध्ये तो पेटवलेलाही पाहिलाय. त्यावर उघडं अन्न भाजायचं नाही. गंधकाचा वास आणि धूर माशात बसतो, आणि तो धूर पोटात जाण्याजोगा नाही.

कोळशावर राखेचा पांढरा थर चढेपर्यंत थांबा. निखारे एका बाजूला जास्त, दुसरीकडे कमी. जाळी रिकामीच ठेवून 10 मिनिटं तापवा, तारेच्या ब्रशनं घासा, मग अर्धा कांदा काट्याला टोचून तेलात बुडवून फिरवा. चर्र आवाज आला पाहिजे. तळहात जाळीच्या वर चार बोटं धरा: दोन-तीन सेकंदांत मागे घ्यावासा वाटला तर आच बरोबर. पाच सेकंद सहज टिकला तर थांबा. थंड जाळीवर ठेवलेलं मांस धातूला धरून बसतं. तापलेल्या, तेल लावलेल्या जाळीवर त्याची पृष्ठभागाची कातडी लगेच भाजते आणि सुटते.

लोखंडी जाळी नवी असेल तर जवसाच्या तेलाचा अगदी पातळ हात देऊन ती रिकामी तापवून घ्या, दोन-तीनदा. जवसाचं तेल वाळून घट्ट थर धरतं. जाड लावलं तर पापुद्रे निघतात. वांगी भाजायच्या स्वस्त जाळ्यांवर कधी कधी जस्ताचा मुलामा असतो, त्या निखाऱ्यावर वापरू नका. आणि दुपदरी, मुठीची, बंद होणारी जाळी मिळाली तर अख्ख्या माशासाठी तिच्यासारखी सोय नाही, फक्त तीही आतून तेल लावून तापवलेलीच हवी.

मासा ठेवल्यावर हात मागे. हे सगळ्यात अवघड. एका बाजूला कातडी असेल तर ती बाजू आधी, तारांना तिरका, आणि चार मिनिटं त्याला शिवायचं नाही. मग सुरीचं टोक कडेखाली घालून हलकेच उचला. सुटला तर उलटा. नाही सुटला तर तो अजून तयार नाही, ओढू नका, आणखी एक मिनिट द्या. तयार झाल्यावर तो आपसूक सुटतो. दुसरी बाजू तीन मिनिटांत होते. जाडी जास्त असेल तर कमी निखाऱ्याच्या बाजूला सरकवून दोन मिनिटं. कण्याजवळ सुरी घालून पाहा: मांस काट्यापासून सुटत असेल आणि आरपार दिसणं बंद झालं असेल तर झाला. थर्मामीटर असेल तर आत 63 अंश. गोड्या पाण्याचा मासा अर्धवट ठेवायचा नाही, त्यात परजीवी असू शकतात. पण 63 झाल्यावर ‘आणखी थोडा’ असंही नाही, त्या थोड्यातच कोरडा पडतो.

आता सॉस, जिथे खरी मेख आहे

दोन वेगळे बिघाड आहेत, कडवटपणा आणि फाटणं. कारणं वेगळी.

कडवटपणा संत्र्याचा. नागपुरी संत्र्याचा रस काढला की लगेच प्यावा, हे इथल्या लहान पोराला माहीत आहे. ठेवलेला रस कडू होतो. बियांत आणि फोडींच्या पापुद्र्यात एक बेचव घटक असतो, रसाच्या आम्लात तो हळूहळू लिमोनिन नावाच्या कडू द्रव्यात बदलतो, आणि गरम केलं की हा बदल भराभर होतो. आणि सॉसच्या कृती सांगतात काय? रस अर्धा होईपर्यंत उकळा! वरून मिक्सरमध्ये बियांसकट फिरवलेला असेल तर संपलंच. ही चूक नंतर साखरेनं झाकली जात नाही.

तेव्हा संत्र्याचा रस उकळायचा नाही. आंबटाचा पाया व्हिनेगरचा करा आणि संत्रं शेवटी घाला. जाड बुडाच्या छोट्या पातेल्यात एक लहान कांदा अगदी बारीक चिरून, 3 चमचे पांढरं व्हिनेगर, 3 चमचे पाणी. मंद आचेवर आटवा, बुडाला चमचाभर ओलावा उरला पाहिजे. आच अगदी बारीक करा, हवं तर पातेलं उचलून धरा. 100 ग्रॅम बटर, फ्रिजमधून तेव्हाच काढलेलं, पेढ्याएवढे तुकडे केलेलं. एक तुकडा घाला, पातेलं गोल फिरवत राहा, तो विरघळत आला की पुढचा. सगळं गेल्यावर सॉस पिवळसर, अपारदर्शक, पातळ बासुंदीइतका दाट दिसला पाहिजे. आता आचेवरून उतरवून 2 चमचे ताजा, हातानं पिळून गाळलेला संत्र्याचा रस, अर्ध्या लिंबाचा रस, संत्र्याची साल आणि चिरलेली पानं.

मीठ घालण्याआधी चाखा. आपलं नेहमीचं पिवळं बटर खारट असतं आणि मासाही मिठाच्या पाण्यातून आलाय.

सालीबद्दल थोडं. नागपुरी संत्र्याची साल सैल, फळाला धरून नसते, त्यामुळे किसणीवर दाबली की आत दबते आणि पांढरा भागही किसला जातो. तोही कडू. फळ धुवा, साल सोला, पाटावर पालथी ठेवून आतला पांढरा थर चमच्याच्या कडेनं खरवडा, उरलेली केशरी साल सुरीनं केसासारखी बारीक कापा. एका संत्र्याची पुरे.

पानांत माझी पहिली पसंती शेपू. थंडीत ढिगानं मिळतो आणि मासा व बटर दोघांशी त्याचं जमतं. जोडीला थोडा सांबार, म्हणजे कोथिंबीर, आणि कांद्याची कोवळी पात. पुदिना सगळ्यांवर कुरघोडी करतो, मी घालत नाही. पार्सली मिळाली तर घाला, तिच्यासाठी अर्धं शहर पालथं घालण्याची गरज नाही.

फाटण्याचं कारण उष्णता. बटरमध्ये सुमारे 80 टक्के स्निग्धांश आणि 16 टक्क्यांच्या आसपास पाणी असतं. ही दोन्ही एकत्र धरून ठेवली तर सॉस, सुटली तर तेल आणि पाणी. साठ-पासष्ट अंशांच्या वर गेलं की सुटायला लागतात. उकळी तर लांबच, कडेला बुडबुडे दिसले तरी उशीर झाला. पातेल्याच्या बाहेरून हात लावून पाहा, चटका न बसता दोन सेकंद टिकला पाहिजे. तुपाचा सॉस होत नाही, कारण तुपातलं पाणी आणि दुधाचा अंश आधीच गेलेला असतो. आधी वितळवून ठेवलेलं बटरही नीट धरत नाही. पुड्यावर ‘फॅट स्प्रेड’ लिहिलेलं असेल तर ते बटर नाहीच.

कडेला तेलाची चकचकीत रेघ दिसली की लगेच आचेवरून काढा, चमचाभर थंडगार पाणी घाला आणि जोरात घोटा. बहुतेक वेळा परत जुळतो. पूर्ण फाटला असेल तर दुसऱ्या पातेल्यात दोन चमचे फ्रेश क्रीम कोमट करा आणि फाटलेला सॉस थेंब-थेंब करत त्यात घोटत जा. क्रीम नसेल तर घोटून गुळगुळीत केलेली साय चालते.

मासा भाजायच्या आधीच सॉस करून ठेवायचा असेल तर गरम पाण्यानं विसळलेल्या चहाच्या थर्मासमध्ये ओता. तास-दीड तास तसाच राहतो. शेगडीच्या कडेवर पातेलं ठेवून ‘गरम राहील’ असा विचार केला की तो हमखास फाटतो.

ऋतूप्रमाणे

आंबिया बहाराची संत्री ऑक्टोबर ते डिसेंबर, ती जरा आंबट. मृग बहाराची फेब्रुवारी-मार्चमध्ये, गोड. डिसेंबरात जमलेला सॉस मार्चमध्ये मिळमिळीत लागतो तो त्यामुळे. लिंबू वाढवा. मोसंबी घालून पाहिली, वास कमी आणि आंबटही नाही.

डिसेंबर-जानेवारीत गच्चीवर रात्री 10-12 अंश असतात. स्टीलच्या थंड ताटात सॉस ओतला की मिनिटभरात पिवळे दाणे दिसायला लागतात. हा सॉस फाटलेला नाही, थिजलाय. ताटं गरम पाण्यातून काढून पुसा, एवढंच.

एप्रिल-मेची गोष्ट वेगळी. बटर 32 ते 35 अंशांत वितळतं आणि आपलं स्वयंपाकघर दुपारी त्याच्या वर असतं. ‘बटर रूम टेंपरेचरला आणा’ ही ओळ नागपूरच्या मेसाठी लिहिलेली नाही. त्या दोन महिन्यांत मी घोटलेल्या सॉसच्या वाटेलाच जात नाही. सकाळी लवकर बटर मऊ असताना त्यात शेपू, लिंबाची साल, थोडा लिंबाचा रस आणि मिरपूड मिसळायची, बटर पेपरमध्ये गुंडाळी करून फ्रीजरमध्ये. मासा जाळीवरून उतरला की वर एक जाड चकती. ती तिथेच वितळते, फाटण्याचा प्रश्नच नाही. पाहुणे असतील तर मी थंडीतही हेच करते, कारण शेगडी आणि पातेलं दोन्हीकडे एकाच वेळी बघणं एकट्याच्या हातचं नाही.

उरलेला सॉस दुसऱ्या दिवशी तापवून पूर्ववत होत नाही. फ्रिजमध्ये थिजलेला तसाच काढा आणि गरम भातावर किंवा उकडलेल्या बटाट्यांवर घाला. दोन दिवसांत संपवा, साल आणि पानं त्यानंतर त्यालाही कडू करतात.